एक लोंबी वेगळी काढायची म्हणजे

शाळेच्या आठवणी बाकीचे माजी विद्यार्थी लिहितीलच. या अंकात मिळालेली जागा मी दादाजी खोब्रागडे या शेतकऱ्याच्या धानासाठी (भातासाठी) वापरतो, कारण आज शाळेत असलेल्या मुलांच्या ते कामाचं आहे.

चंद्रपूर जिल्ह्यातल्या नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावचे दादाजी जेमतेम तिसरी शिकलेले, जमीन दीड एकर. १९८३ साली 'पटेल ३' या धानाच्या बांधीत (भाताच्या शेतात) त्यांना पिवळसर, वेगळ्या लोंब्या दिसल्या. त्या जपून ठेवल्या, पुढच्या हंगामात बांधीच्या मधोमध लावल्या, भोवती काट्या रोवल्या. त्यातूनच एचएमटी हे नवं धान आलं. मनगटी घड्याळाचं नाव धानाला चिकटलं ते नंतर.

धानाचं फूल बहुतेक आपल्याच परागानं फळतं, म्हणून खरा वेगळेपणा पुढं टिकतो. पण शेणखताच्या ढिगाजवळची लोंबीही टपोरी दिसते. ती निवडली की पुढल्या वर्षी जुनंच धान हाती येतं. बहुतेक जण इथंच फसतात. म्हणून निवड बांधीच्या मधल्या भागातून करावी, धुऱ्याजवळून (बांधाजवळून) नाही.

लोंबी हातानं चोळायची, खळ्यावर न्यायची नाही. प्रत्येक लोंबीचे पऱ्हे (रोपं) वेगळे टाकायचे, रोवताना एका जागी एकच रोप, अंतर २० बाय १५ सेंटिमीटर, शेजारच्या वाणापासून ३ मीटर दूर. मागच्या वर्षी सांडलेलं धान आपोआप उगवतं, ती बांधी टाळावी. निसवताना, म्हणजे लोंब्या बाहेर पडताना, रोज फेरी मारायची आणि परकं झाड मुळासकट उपटायचं. विळ्यानं कापलं तर बुडातून फुटवे येऊन तेच पुन्हा निसवतं.

१९९४ मध्ये पंजाबराव कृषी विद्यापीठानं (पीकेव्ही) दादाजींकडून बियाणं नेलं आणि १९९८ मध्ये 'पीकेव्ही एचएमटी' नावानं वाण प्रसारित केला. श्रेय मात्र त्यांना दिलं नाही. ही गोष्ट अजूनही सलते. २००५ मध्ये राष्ट्रपती कलाम यांच्या हस्ते त्यांचा सन्मान झाला, तोही उशिराच.

आता वाणांचं आणि शेतकऱ्यांच्या हक्कांचं संरक्षण करणाऱ्या २००१ च्या कायद्यानं शेतकऱ्याच्या वाणाची नोंदणी होते, शुल्क लागत नाही. पण वाण वेगळा, एकसारखा आणि पिढ्यानपिढ्या तसाच राहणारा आहे, हे दाखवावं लागतं. त्यासाठी पहिल्याच वर्षी नोंदवही सुरू करा: पऱ्हे टाकल्याची तारीख, अर्धी बांधी निसवल्याची तारीख, दहा झाडांची उंची, हजार दाण्यांचं वजन. किराणा दुकानाच्या काट्यावर हे वजन नीट कळत नाही, सोनाराकडं करून घ्या.