नाइल्समधली शनिवारची रात्र

पडद्यावर चार्ली चॅप्लिन पायरीवर बसून हातातलं सॉसेज कुत्र्यापुढे धरतो. कुत्रा तोंड फिरवतो. मग चार्ली त्यावर मीठ भुरभुरवतो, तेव्हा कुठे स्वारी खाते! माझा सात वर्षांचा भाचा इतका खदखदून हसला की पुढच्या रांगेतल्या आजीबाईंनी वळून पाहिलं, आणि त्याही हसत सुटल्या.

कॅलिफोर्नियात फ्रीमाँटला बहिणीकडे गेले होते. तिथे मराठी घरं बरीच, पण नाइल्स हा त्याच शहराचा जुना भाग अनेकांचा बघायचा राहून जातो. डोंगरावर पांढऱ्या अक्षरांत गावाचं नाव, खाली रेल्वे. एसने या मूकपट बनवणाऱ्या कंपनीचा स्टुडिओ इथे होता. चॅप्लिन 1915 च्या सुरुवातीला आठवड्याला 1250 डॉलर पगारावर या कंपनीत आला. वरचा सॉसेजचा प्रसंग ज्यातला, तो ‘द चॅम्पियन’ इथलाच. स्टुडिओ 1933 मध्ये पाडला. पण हाकेच्या अंतरावरचं 1913 चं एडिसन थिएटर उभं आहे. आता तिथे मूकपटांचं संग्रहालय आहे आणि शनिवारी रात्री खेळ होतात.

लहानपणी टीव्हीवर पाहिलेला चार्ली कायम घाईत असायचा. तेव्हाचे कॅमेरे हाताने फिरवायचे. सेकंदाला चौकटी कमी पडायच्या, आणि तीच फिल्म आजच्या वेगाने लावली की माणसं तुरुतुरु पळतात. इथे वेग थोडा उतरवलेला होता. त्यामुळे धडपडण्याआधीचा तो क्षण नीट दिसला: तोल जातोय हे आपल्याला कळलेलं, त्याला अजून नाही. हसू येतं ते तिथे, आपटण्यावर नाही.

आणि पियानो! वाजवणाऱ्या बाईंची नजर पडद्यावरून हलत नव्हती. चार्ली बॉक्सिंगच्या हातमोज्यात घोड्याचा नाल लपवतो तेव्हा त्यांनी एकच सूर हळूच छेडला आणि थांबल्या. ठोसा बसला तसे दोन्ही हात खालच्या पट्ट्यांवर धाडकन. सगळं थिएटर एका दमात हसलं. घरी मोबाइलवर मी हाच चित्रपट एकटीने पाहिला होता, तेव्हा नुसती गालात हसले होते.

“मावशी, त्याला लागत नाही का गं?” भाच्याने कानात विचारलं.

“लागत असेल रे. पण बघ, उठून आधी टोपी नीट करतो.”

दुसऱ्या दिवशी नाइल्स कॅन्यनमधून गेलो. ‘द ट्रॅम्प’च्या शेवटी चार्ली पाठमोरा चालत जातो तो रस्ता याच घाटातला. तेव्हाची धूळ आता नाही, डांबरावरून गाड्या सुसाट जातात. भाचा वळणावळणावर काचेला नाक लावून विचारत होता, “इथे का? की इथे?”