अकरा नंबरचा काझू

योकोहामात राहायला आलात की फुटबॉलमध्ये रस असो-नसो, ‘काझू’ हे नाव कानावर पडतंच. काझुयोशी मिउरा, जन्म १९६७चा. पंधराव्या वर्षी शाळा सोडून हा पोरगा शिझुओकाहून थेट ब्राझीलला गेला आणि १९८६मध्ये पेलेच्या सान्तोस क्लबात व्यावसायिक खेळाडू झाला.

जपानची जे-लीग, म्हणजे तिथली व्यावसायिक फुटबॉल लीग, सुरू झाली १५ मे १९९३ला. तो पहिला सामना टीव्हीवर पाहिलेली माझ्या ऑफिसातली मंडळी आता निवृत्तीला टेकलीत. काझूचा वेर्दी संघ मारिनोसकडून २-१ हरला, पण मोसमातला सर्वोत्तम खेळाडू ठरला काझूच. गोल मारल्यावरचा त्याचा नाच विचारा, आमचे साहेब टाय सैल करून तो नाचून दाखवतात!

त्याच ऑक्टोबरात कतारमधल्या दोहात विश्वचषकाचा पात्रता सामना. इराकविरुद्ध पाचव्याच मिनिटाला काझूचा गोल, विश्वचषकाचं तिकीट जवळजवळ खिशात, आणि अगदी शेवटच्या क्षणी इराकची बरोबरी, २-२. तिकीट हुकलं. इथे मध्यरात्र उलटून गेलेली, अख्खा देश टीव्हीसमोर जागा. पुढे १९९८ला जपान पहिल्यांदा विश्वचषकाला पोचला, तर ऐनवेळी काझूलाच वगळलं. देशासाठी ८९ सामन्यांत ५५ गोल, आणि विश्वचषकात एक मिनिटही नाही. आपल्याकडे क्रिकेटमध्ये असं झालं असतं तर प्रशिक्षकाचे पुतळे जळाले असते.

मला मात्र पन्नाशीनंतरचा काझू जास्त भावतो. १२ मार्च २०१७ला, पन्नास वर्षं १४ दिवसांचा असताना, त्याने योकोहामा एफसीसाठी गुनमाविरुद्ध गोल मारला. लीगचं प्रक्षेपण त्याच वर्षी दाझोन ॲपवर गेलं होतं. म्हणजे ज्याला लोकांनी डबा टीव्हीवर पाहिलं, तो आता लोकलमध्ये मोबाइलवर दिसू लागला. सप्टेंबर २०२०मध्ये कावासाकीविरुद्ध तो कप्तान म्हणून उतरला, वय ५३, खेळला ५६ मिनिटं.

‘जाहिरातीसाठी पोरांची जागा अडवतो’ अशी कुरकुर इथेही चालते. २०२१च्या मोसमात तो लीगचा एकच सामना खेळला, तोही शेवटचं मिनिटभर; तो प्रकार मलाही दिखाऊ वाटला. कराराची बातमीसुद्धा ११ जानेवारीला, ११ वाजून ११ मिनिटांनी द्यायची, का तर जर्सी अकरा नंबरची. पण नुसता मिरवायचाच हेतू असता तर २०२२ला तो चौथ्या पातळीवरच्या सुझुका क्लबाकडे कशाला गेला असता? तिथे प्रशिक्षक होता त्याचाच थोरला भाऊ. पंचावन्नाव्या वर्षी दादाच्या हाताखाली सराव!