तुम्ही विचारलंत म्हणून: त्या जुगाऱ्यासाठी जीव का तुटतो

जुने जपानी मूकपट बघते म्हटलं की एक प्रश्न ठरलेला, "अगं पण तो गुन्हेगारच ना, मग त्याच्यासाठी एवढं वाईट काय वाटून घ्यायचं?"

तर कुनिसादा चुजी. खराखुरा माणूस, जन्म १८१० चा, जुगाराचे अड्डे चालवायचा, सरकारी तपासणी नाकं तोडून पळाला म्हणून १८५१ मध्ये त्याला खांबाला बांधून भाल्यांनी मारलं. दुष्काळात गोरगरिबांना जगवलं अशी त्याची ख्याती, त्यातलं खरं किती आणि लोकांनी जोडलेलं किती ते सोडा, पण नाटकांमधून तो हिरो झाला तो झालाच.

१९२७ मध्ये दाइसुके इतोने त्याच्यावर तीन भागांचा सिनेमा काढला, देन्जिरो ओकोची चुजी झाला, आणि मला जे धरून ठेवतं ते इथे आहे. हा चुजी जिंकत नाही हो. नाव बदलून एका साके म्हणजे तांदळाची दारू बनवणाऱ्याकडे कारकुनी करतो, मालकाच्या मुलीचा जीव त्याच्यावर जडतो, पण ओळख फुटते आणि तिथूनही निघावं लागतं. मग अर्धांगवायू होतो. ज्या हाताची सगळ्यांना दहशत तोच हात उचलला जात नाही, माणसं त्याला गावी आणून लपवतात, त्यांच्यातलाच एक फितूर निघतो आणि अंथरुणावरच्या चुजीसाठी पिस्तूल घेऊन उभी राहते ती त्याची प्रेयसी ओशिना. ओशिना झालेल्या नाओए फुशिमीचे त्यातले डोळे मी विसरूच शकत नाही.

सेन्सॉरलाही गुन्हेगाराबद्दलची ही माया बोचत असणार. १९२५ चा 'ओरोची' सिनेमा आहे ना, नट बान्दो त्सुमासाबुरोचा, त्याचं आधीचं नावच 'बदमाश' अशा अर्थाचं होतं, ते बदलायला लावलं आणि कात्रीही चालवली. तरी सुरुवातीच्या पाटीवर म्हणणं राहिलंच, की ज्याला जग बदमाश म्हणतं तो बदमाश असेलच असं नाही. आणि मग शेवटची ती मारामारी, एकटा माणूस आणि चारी बाजूंनी शिपाई, दोर, शिड्या, बघताना श्वास अडकतो.

बघायचाच असेल तर बेन्शीच्या आवाजासकट बघा, म्हणजे पडद्याशेजारी उभं राहून सगळ्या पात्रांचं बोलणारा निवेदक, तेव्हा लोक त्याच्यासाठीसुद्धा तिकीट काढायचे. चुजीचा सिनेमा मात्र पूर्ण मिळणार नाही. कित्येक वर्षं तो गेलाच असं धरून चालले होते, १९९१ मध्ये दुसऱ्या भागाचे तुकडे आणि तिसऱ्याचा बराचसा भाग सापडला. पहिला भाग अजून नाहीच.