रुलव्हिल ते इंडियानोला, २६ मैल

ऑक्टोबरात अमेरिकेतल्या मिसिसिपी डेल्टातून जाताना मी दोनदा गाडी थांबवली, ती नुसता कापूस बघायला. मी यवतमाळकडची, फुटलेली बोंडं दिसली की पाय शेताकडे वळतातच. इथे वेचणीला माणूसच नाही. यंत्र फिरतं आणि मागे प्लॅस्टिकात गुंडाळलेले प्रचंड गोल गठ्ठे टाकत जातं.

मतदानाच्या हक्कासाठी लढलेल्या कृष्णवर्णीय फॅनी लू हेमर वयाच्या सहाव्या वर्षापासून हातानं कापूस वेचत होत्या. २० भावंडांतलं शेंडेफळ. रुलव्हिलला त्यांची समाधी आहे, शेजारी नवऱ्याची. दगडावर त्यांचंच वाक्य कोरलंय: जीव मेटाकुटीला येण्याचाच आता वीट आलाय. मी बराच वेळ तिथे बसून होते.

मळ्यावर त्या मजुरांच्या कामाची आणि वेचलेल्या कापसाची नोंद ठेवायच्या. मालकाच्या काट्यात खोट होती. म्हणून हेमरबाई काट्याला लावायचं स्वतःचं खरं माप लपवून शेतात न्यायच्या आणि मालक नजरेआड झाला की तेच लावायच्या. हे वाचलं तेव्हा मला आमचे आबा आठवले. व्यापाऱ्यानं काटा मारला त्या रात्री ते जेवले नव्हते.

आपल्यालाही मत देता येतं, हे हेमरबाईंना कळलं ४४व्या वर्षी, गावातल्या चर्चमधल्या सभेत. ३१ ऑगस्ट १९६२ ला १८ जण जुन्या बसनं इंडियानोलाच्या कोर्टात नाव नोंदवायला निघाले. त्याच रस्त्यानं मीही निघाले. दोन्ही बाजूंना सपाट रान, सावलीला झाड नाही.

तिथे नोंदणीची परीक्षा म्हणून मिसिसिपीच्या राज्यघटनेचं १६वं कलम उतरवून त्याचा अर्थ लिहायला सांगितला. त्या नापास झाल्या. परतताना पोलिसांनी बस अडवली. कारण काय, तर रंग फारच पिवळा! १०० डॉलर दंड ३० वर आला, तो सगळ्यांनी मिळून भरला. बसमधली माणसं भेदरली होती, तेव्हा हेमरबाईंनी चर्चमधली गाणी धरली.

घरी मालक उभाच. अर्ज मागे घे, नाहीतर मळा सोड. त्या म्हणाल्या, "मी तुमच्यासाठी नाही, माझ्यासाठी नाव नोंदवायला गेले होते." १८ वर्षांचं घर त्याच रात्री सुटलं. १० सप्टेंबरला, त्यांना आसरा देणाऱ्या घरावर १६ गोळ्या झाडल्या गेल्या.

मी पोचले तो रविवार, कोर्ट बंद. पायऱ्यांपाशी उभी राहिले. डिसेंबरात हेमरबाई पुन्हा इथेच आल्या आणि कारकुनाला म्हणाल्या, आता मला कामावरून काढता येणार नाही, मी आधीच बाहेर आहे; पास होईपर्यंत दर तीस दिवसांनी येत राहीन. १० जानेवारी १९६३ ला त्या पास झाल्या. पुढे मत द्यायला गेल्या, तर पोल टॅक्सच्या, म्हणजे मत देण्यासाठी भराव्या लागणाऱ्या कराच्या, दोन वर्षांच्या पावत्या मागितल्या. त्या त्यांच्याकडे नव्हत्या. तोवर त्या गावोगाव फिरून दुसऱ्यांची नावं नोंदवायला लागल्या होत्या.