बत्तीस बोअरचा अर्ज आणि माळढोकचे दहा किलोमीटर

शस्त्र परवान्याच्या कामासाठी येणारा माणूस पहिला प्रश्न शस्त्राचाच विचारतो. रिव्हॉल्व्हर बरं की पिस्तूल, कानपूरचं 'निर्भीक' मिळेल का, शर्टाखाली दिसेल का. मी आधी त्याला तीन गोष्टी विचारतो. राहता कुठे, धोका कुणापासून, आणि पोलिसांच्या दप्तरी तुमचं नाव कुठे कुठे आलंय. फाईल तरते किंवा बुडते ती या तीन उत्तरांवर. गेल्या द्राक्ष हंगामात एका बेदाणा व्यापाऱ्याच्या सुनावणीला वकील म्हणून उभा होतो. त्या दुपारी ही तिन्ही उत्तरं एकाच फाइलीत उलटी पडताना पाहिली आणि मग त्यातलं बरंचसं सावरतानाही पाहिलं. त्यांचं नाव-गाव सांगत नाही, तात्या म्हणू. उत्तर सोलापूर तालुक्यात मळा, बेदाण्याची शेड आणि तिथंच घर.

राहण्याची जागा का महत्त्वाची ते आधी सांगतो. सोलापूर शहराला १९९२ पासून पोलीस आयुक्तालय आहे. शहर हद्दीत राहणाऱ्याचा अर्ज पोलीस आयुक्तांकडे जातो, ग्रामीण भागातल्याचा जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे, म्हणजे जिल्हाधिकारी कार्यालयात. पोरांच्या शाळेसाठी होटगी रोडला फ्लॅट, आधार कार्ड गावचं आणि राहणं अर्धं इकडे, अर्धं तिकडे, असे लोक इथंच फसतात. बीट अंमलदार गावात चौकशीला जातो, पोलीस पाटील सांगतो, "ते शहरात असत्यात, सणासुदीला येत्यात." अहवालात 'अर्जदार दिलेल्या पत्त्यावर राहत नाही' एवढी एक ओळ आली की पुढचं कुणी वाचत नाही. तात्यांचं या बाबतीत स्वच्छ होतं. आधार, रेशन कार्ड, वीजबिल, सातबारा सगळं गावचं, आणि राहणंही तिथंच.

त्यांची मागणी मात्र पहिल्या भेटीत अशी होती: "वकीलसाहेब, आपल्याला कंबरंला लावायचं हाय, पण कुणाला दिसाय नको. तसलं लायसन काढा."

तसलं वेगळं लायसन आपल्याकडे नाही. १९५९च्या शस्त्र कायद्याखाली परवाना मिळतो तो शस्त्र घेण्याचा, जवळ ठेवण्याचा आणि बाळगून फिरण्याचा. झाकून बाळगणं ही वेगळी सवलतही नाही, ते बंधनच आहे. २०१६च्या शस्त्र नियमांतला ३२वा नियम सांगतो की सार्वजनिक जागी रिव्हॉल्व्हर किंवा पिस्तूल अंगाला बांधलेल्या होल्स्टरमध्ये किंवा तशाच पिशवीत असलं पाहिजे, पूर्ण झाकलेलं असलं पाहिजे आणि बाळगणाऱ्याचा त्यावर ताबा असला पाहिजे. शस्त्र उघडं मिरवणं आणि सार्वजनिक जागी बार काढणं याच नियमानं बंद केलंय. लग्नात किंवा वरातीत आनंदाच्या भरात बेदरकार गोळीबार केला तर २०१९च्या दुरुस्तीनंतर दोन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. परवानाधारकाला ही कलमं मी वाचूनच दाखवतो. परवाना हातात आल्यावर ती कुणी वाचत नाही.

तात्यांचा अर्ज माझ्याकडे येण्याआधीच एका एजंटानं ऑनलाइन भरून दाखल केला होता. वरवर पाहता कागद पुरे होते. फॉर्म अ-१, पांढऱ्या पार्श्वभूमीचे चार फोटो, जन्मतारखेचा आणि पत्त्याचा पुरावा, शस्त्र सुरक्षित ठेवण्याचं हमीपत्र म्हणजे एस-२, एमबीबीएस डॉक्टरचा एस-३ दाखला. या दाखल्यात प्रकृती आणि मनःस्थिती ठीक असल्याचं आणि कसलंही व्यसन नसल्याचं डॉक्टरला लिहून द्यावं लागतं. प्रशिक्षणाचा एस-१ दाखला तेवढा बाकी होता. हे प्रशिक्षण लोक उरकून टाकतात, आणि मला ते पटत नाही. शस्त्र हातात घेतलं की आधी नळी सुरक्षित दिशेला, मग बोट ट्रिगरपासून लांब, मग चेंबर उघडून डोळ्यांनी खात्री. पिस्तुलात मॅगझीन काढलं तरी एक गोळी चेंबरमध्ये राहू शकते. घरात 'रिकाम्या' पिस्तुलातून गोळी सुटते ती बहुतेकदा याच कारणानं. रिव्हॉल्व्हरचा सिलिंडर बाहेर काढला की सहाही घरं एका नजरेत दिसतात. नवख्या माणसाला मी बत्तीस बोअरचं रिव्हॉल्व्हरच सुचवतो ते यासाठी.

खरी गडबड कारणाच्या रकान्यात होती. एजंटानं तिथं तीन कारणं ठोकून दिली होती: रोज मोठी रोकड बाळगावी लागते, परिसरात बिबट्या फिरतो, भावकीकडून जिवाला धोका आहे. तिन्ही ऐकायला वजनदार वाटतात. सुनावणीत अपर जिल्हादंडाधिकाऱ्यांनी ती एकेक करून हातात घेतली.

"रोकड किती असते?"

"हंगामात पाच-सहा लाख हुत्यात की साहेब."

"एकाच पार्टीकडून?"

"मोठी पार्टी असली तर एकाच टायमाला येत्यात."

साहेबांनी पेन खाली ठेवलं. एका व्यक्तीकडून एका दिवसात दोन लाख किंवा त्याहून जास्त रोख घ्यायला आयकर कायद्याची मनाई आहे. तात्या परवान्यासाठी जे सांगत होते ते दुसऱ्या कायद्याखाली कबुलीजबाबासारखं दिसत होतं. मी बँकेचे उतारे पुढे केले. मोठे व्यवहार सगळे आरटीजीएसनं आले होते. रोख होती ती मजुरीची, गाडीभाड्याची आणि छोट्या शेतकऱ्यांना द्यायची, प्रत्येकी थोडी थोडी. पाच-सहा लाखांचा आकडा बोलण्याच्या भरात फुगला होता. रोकडीचं कारण द्यायचं तर खात्यातून रक्कम काढल्याच्या तारखा आणि वाटपाची वही जोडावी, आणि तोंडचा आकडा वहीशी जुळावा. आकडा मोठा असला की धोका मोठा दिसतो हा समज चुकीचा आहे.

मग बिबट्या. डिसेंबर २०२० मध्ये करमाळा तालुक्यात नरभक्षक बिबट्याला गोळ्या घालाव्या लागल्या, तेव्हापासून जिल्ह्यातल्या अनेक अर्जांत हे कारण येतं. पण त्यालाही मारलं ते वन विभागाच्या आदेशानंच. वन्यजीव संरक्षण कायद्यात हा अधिकार मुख्य वन्यजीव रक्षकांचा आहे, परवानाधारकाचा नाही. पिकाच्या राखणीचं कारण शस्त्र कायद्याला मान्य आहे, पण त्यासाठी तो ठासणीची बंदूक देतो. बत्तीस बोअरच्या रिव्हॉल्व्हरला बिबट्या हे कारण लागू पडत नाही. साहेबांनी त्यावर एक रेघ मारली आणि पुढे गेले.

भावकीचं कारण सगळ्यात महागात पडलं. बांधावरून चुलत्यांशी जुना वाद होता. त्यात एक एन.सी., म्हणजे अदखलपात्र तक्रार, झाली होती आणि पुढे एकशे सातची चॅप्टर केस, म्हणजे शांतता भंग होऊ नये म्हणूनची कारवाई, होऊन तात्यांना शांतता राखण्याचा बाँड लिहून द्यावा लागला होता. अर्जात नेमका हाच प्रश्न असतो, असा बाँड कधी द्यावा लागलाय का. एजंटानं तिथं 'नाही' लिहिलं होतं. पोलीस अहवालात मात्र ती नोंद तारखेसह होती.

इथं दोन गोष्टी कळल्या पाहिजेत. पहिली, भावकीतल्या भांडणाकडे पोलीस ज्या नजरेनं बघतात ती अर्जदाराच्या नजरेच्या उलट असते. अर्जदार म्हणतो, ते मला मारतील. पोलीस विचार करतात, याच्या हातात शस्त्र आलं तर बांधावर काय होईल. माझ्या मते पोलिसांचा विचार बरोबर आहे. ज्या वादात तुम्ही स्वतः पक्षकार आहात तो वाद परवान्याचं कारण म्हणून मांडू नये. दुसरी, खोटं उत्तर परवाना मिळाल्यावरही पाठ सोडत नाही. माहिती दडवून परवाना घेतला असेल तर कलम १७ खाली तो रद्द करता येतो. जुना, मुदत संपलेला बाँड हा काही आपोआप नकार नाही. दडवलेला बाँड मात्र जवळपास नकारच. (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं, म्हणजे सीआरपीसीचं, कलम १०७ आता नव्या संहितेत १२६ झालंय, पण तहसीलदारासमोर उभं राहणाऱ्याच्या तोंडी अजून एकशे सातच आहे.) मी तिथंच दुरुस्तीचं प्रतिज्ञापत्र आणि मुदत संपल्याचा कागद देण्याची परवानगी मागितली. निकालाआधी स्वतःहून दिलेली दुरुस्ती आणि नंतर सापडलेली चूक यांत फार फरक पडतो.

तिन्ही कारणं संपली होती. साहेब फाईल मिटायच्या बेतात होते, तेवढ्यात त्यांनी सहज विचारलं, "तुमच्याबाबत प्रत्यक्ष काही घडलंय का कधी?"

"घडलंय की. बार्शी रोडला. दोघं मोटारसायकलवर आले, कोयता लावला आणि बॅग घेऊन गेले."

"तक्रार दिली होती?"

"जबरी चोरीचा गुन्हा दाखल हाय. ३९२."

"मग कागद कुठंय?"

"एजंट म्हणला, जुनं हाय, नको लावायला."

मी तात्यांकडे बघत राहिलो. आमच्या बैठकीतही हे त्यांनी सांगितलं नव्हतं, कारण त्यांच्या लेखी ते जुनं प्रकरण होतं आणि बिबट्या ताजा होता. २०१६च्या नियमांतल्या १२व्या नियमात परवान्यासाठी जी कारणं धरली आहेत, त्यात धंद्याच्या किंवा कामाच्या स्वरूपामुळे जीव आणि मालमत्ता राखण्याची खरी गरज हे एक आहे. धंद्याच्या वाटेवर कोयता लावून झालेली जबरी चोरी आणि तिचा दाखल गुन्हा, यापेक्षा थेट पुरावा दुसरा कुठला? फिर्यादीची प्रत आणि आरोपपत्राची स्थिती एवढे दोन कागद जोडले असते तर बाकी काही लिहायची गरजच नव्हती. साहेबांनी फिर्यादीची प्रमाणित प्रत मागितली. खोलीतलं वातावरण बदललं.

तेव्हा शाखेतल्या लिपिकांनी नकाशा आणला.

वन्यजीव संरक्षण कायद्याचं कलम ३४ फार थोड्या अर्जदारांना माहीत असतं. अभयारण्यापासून दहा किलोमीटरच्या त्रिज्येत शस्त्राचा नवा परवाना द्यायचा असेल तर मुख्य वन्यजीव रक्षकांची आधी सहमती लागते. शस्त्र कशासाठी हवंय याच्याशी त्याचा संबंध नाही. रिव्हॉल्व्हरलाही तो नियम आहे. आणि आपल्या सोलापूर जिल्ह्यात माळढोक पक्ष्याचं अभयारण्य आहे, लोक तो बघायला नान्नजला जातात. १९७९ साली ते जाहीर झालं तेव्हा क्षेत्र ८,४९६ चौरस किलोमीटर धरलं होतं, पुढे ते १,२२२ पर्यंत खाली आलं. हे क्षेत्र एकसंध नाही. उत्तर सोलापूर, मोहोळ, माढा, करमाळा आणि शेजारच्या कर्जत तालुक्यात माळरानांचे तुकडे विखुरलेले आहेत.

तात्यांचा मुलगा पुढे आला. "साहेब, आमच्या शेडपासनं नान्नज चौदा किलोमीटर हाय. गाडीच्या मीटरवर बघितलंय."

लिपिक शांतपणे म्हणाले, "रस्त्यानं चौदा. त्रिज्या सरळ रेषेत मोजतात."

नकाशा होता सर्व्हे ऑफ इंडियाचा, १:५०,००० प्रमाणाचा. त्यावर एक किलोमीटर म्हणजे दोन सेंटिमीटर, दहा किलोमीटर म्हणजे वीस. त्यांनी शेडच्या जागी पेन्सिलीनं ठिपका दिला आणि मोठी फूटपट्टी ठेवली. पण तिचं दुसरं टोक नान्नज गावावर नेलं नाही. अधिसूचित क्षेत्राचा जो तुकडा शेडला सगळ्यात जवळ होता, त्याच्या कडेवर नेलं. सोळा सेंटिमीटर आणि वर थोडं. म्हणजे आठ किलोमीटरच्या आसपास. मुलगा वाकून वाकून बघत होता. मोजायचं असतं ते हद्दीपासून. माळढोक बघायला लोक जिथं जातात त्या जागेपासून नाही, की गावाच्या वेशीपासूनही नाही.

ही मोजणी त्या दुपारी झाली नसती आणि परवाना निघाला असता, तर तो कच्चा निघाला असता. सहमतीशिवाय दिलेला परवाना पुढे नूतनीकरणाच्या वेळी किंवा एखाद्या तक्रारीत उघडा पडतो, आणि तोवर लाखाच्या घरातलं शस्त्र घेऊन झालेलं असतं. मग ते जमा करायचं, गिऱ्हाईक शोधायचं, अशी फरपट होते.

फाईल नामंजूर झाली नाही. प्रकरण सहमतीसाठी वन विभागामार्फत नागपूरला मुख्य वन्यजीव रक्षकांकडे पाठवावं, दरम्यान अर्जदारानं दुरुस्तीचं प्रतिज्ञापत्र, फिर्यादीची प्रमाणित प्रत आणि एस-१ दाखला सादर करावा, असा आदेश झाला. तिन्ही कागद दिले. कारणाचा रकाना नव्यानं लिहिला. बिबट्या आणि भावकी काढली, जबरी चोरी, वहीशी जुळणारी रोकड आणि रात्री शेडवरून परतण्याचा रस्ता एवढंच ठेवलं. वन विभागाला जाणाऱ्या पत्रासोबत शेडचा गट क्रमांक, जवळच्या अधिसूचित तुकड्याचे गट क्रमांक आणि मोजलेलं अंतर जोडलं, म्हणजे तिकडे पुन्हा मोजणीपासून सुरुवात व्हायला नको. तात्यांनी मधल्या काळात मजुरीही खात्यावर द्यायला सुरुवात केलीय आणि शेडला कॅमेरे बसवलेत. सहमती अजून यायची आहे.

ती नाही आली आणि अर्ज फेटाळला गेला तर कारणं लेखी मागून घ्यायची. त्या आदेशावर तीस दिवसांत पुण्याला विभागीय आयुक्तांकडे अपील होतं. शहरातल्या, म्हणजे पोलीस आयुक्तांच्या आदेशावरचं अपील राज्य शासनाकडे जातं. दोन्हीकडे आदेश हातात पडल्याची तारीख पाकिटासकट जपून ठेवा. मुदत तिच्यावरून मोजतात.

उत्तर सोलापूर, मोहोळ, माढा आणि करमाळ्यातल्या अर्जदारांनी डॉक्टरकडे किंवा फोटो काढायला जाण्याआधी अभयारण्याच्या अधिसूचनेतली गट क्रमांकांची यादी बघावी आणि राहत्या घरापासून सरळ रेषेत अंतर काढावं. मोबाईलवरच्या नकाशातही दोन ठिपक्यांमधलं सरळ अंतर मोजता येतं, त्यासाठी रस्ता दाखवणारं बटण दाबायचं नाही. आकडा दहाच्या आत आला तर पहिल्याच अर्जासोबत सहमतीची विनंती जोडा.