आमच्या पायऱ्यांवरचं दगडफूल कसं निघालं

श्रावणात आई तिसऱ्या पायरीवरून घसरली. हाड मोडलं नाही, मनगट मुरगळलं एवढंच. पण त्या दिवसापासून ती संध्याकाळी तुळशीपाशी दिवा लावायला खाली उतरेना. आमचं घर संगमेश्वर तालुक्यात आहे. ओटीवरून अंगणात उतरायला काळ्या दगडाच्या सात पायऱ्या, खाली शहाबादी फरशी, तिच्या मधोमध काळ्या दगडाचंच वृंदावन आणि भोवती जांभ्याचा गडगा, म्हणजे दगडाचं कुंपण. एका अंगणात तीन जातींचे दगड. सुरुवातीला मी याचा विचारच केला नव्हता, आणि पुढे सगळं काम नेमकं त्यावरच अडलं.

दसऱ्याला मी महिनाभरासाठी घरी आले. तुळशीच्या लग्नाच्या आत पायऱ्या स्वच्छ करायच्याच, असं ठरवूनच आले होते. फरशी धुवायचं बाजारातलं ॲसिड नको होतं. अंगणातलं पाणी विहिरीच्या बाजूला मुरतं, आणि तुळशीची मुळं तर तिथेच.

पहिल्या सकाळी चहा घेऊन पायऱ्यांवर बसले आणि नीट बघितलं. आम्ही सगळ्यालाच ‘शेवाळ’ म्हणत होतो, पण ते एक नव्हतं. पागोळ्यांखालच्या पायऱ्यांवर हिरवा बुळबुळीत थर होता, तो खराट्याने दोन हातांत निघाला. सांध्यांमध्ये मखमलीसारखे हिरवे पुंजके होते, ते बोटांनी उपटता आले. उरले ते राखाडी-पांढरे, रुपयाएवढे आणि काही तळहाताएवढे गोल चट्टे. नखाने खरवडले तर नख झिजलं, चट्टा हलला नाही. त्यावर तांब्याभर पाणी ओतलं आणि पाहतच राहिले. मिनिटभरात राखाडी रंग जाऊन हिरवटपणा वर आला, जणू आतून कुणी दिवा लावला.

हे शैवाक. बुरशी आणि शैवाल यांचा एकत्र संसार. बुरशी घर बांधते, पाणी धरते. शैवाल उन्हावर अन्न करतं. भिजल्यावर वरचा थर पारदर्शक होतो आणि आतलं शैवाल दिसतं, म्हणून तो हिरवा रंग. आईला सांगितलं तर ती म्हणाली, “म्हणजे आपलं दगडफूलच की गं!” बरोबर होतं तिचं. गोड्या मसाल्यात घालतो ते दगडफूलही शैवाकच, फक्त जात निराळी. नावात दगड असला तरी ते बरंचसं झाडांच्या सालींवरून काढलेलं असतं. पायरीवरचं मात्र खायच्या कामाचं नाही, हे इथेच सांगून ठेवते.

आता चूक. घरगुती उपाय म्हटला की पहिलं नाव व्हिनेगरचं निघतं. मी पांढरं व्हिनेगर आणि पाणी निम्मं-निम्मं करून वृंदावनाशेजारच्या शहाबादी फरशीवर शिंपडलं. बारीक फेस आला. मला वाटलं, मळ सुटतोय. पंधरा मिनिटांनी धुतलं. दुसऱ्या दिवशी फरशी सुकल्यावर तिथे पांढुरका, निस्तेज डाग दिसला. हात फिरवला तर खरखरीत. आणि शेजारचं शैवाक तसंच, पाणी घातलं की हिरवं होणारं. तो फेस मळाचा नव्हता, दगडाचा होता. शहाबादी म्हणजे चुनखडक, आणि आंबट पदार्थ चुनखडक खातो. कडप्पा, कोटा, संगमरवर यांचीही तीच गत. जुन्या बांधकामात दगडांच्या मध्ये चुना भरलेला असेल, तर तोही आंबटाने पोकळ होतो. वीस वर्षं आईने त्या फरशीवर रांगोळी काढली आहे. मला फार वाईट वाटलं.

त्यानंतर मी प्रत्येक दगडाच्या अडगळीतल्या कोपऱ्यावर लिंबाचा एकेक थेंब टाकून पाहिला. शहाबादीवर बुडबुडे आले, काळ्या दगडावर काही नाही, जांभ्याने थेंब पिऊन टाकला. कुठलाही उपाय करण्याआधी एवढं जरूर करा, आणि थेंब लगेच धुऊन टाका.

मग जांभ्याच्या जोत्यावर खायचा सोडा चोळला. तो दगड खात नाही, पण जांभा सच्छिद्र. सोड्याचं पाणी आत शिरलं आणि सुकल्यावर लोणा लागल्यासारखी पांढरी भुकटी वर आली. क्षार छिद्रांत सुकतात तेव्हा त्यांचे खडे फुगून दगडाचे पोपडे काढतात. मिठाचंही तेच, शिवाय मीठ झाडांना मारतं. चार-पाच वेळा गोड्या पाण्याने जोतं धुवावं लागलं. व्हिनेगर आणि सोडा एकत्र करून ओतणाऱ्यांनाही सांगते, ती दोघं एकमेकांना निकामी करतात. फेस दिसतो जोरदार, हाती उरतं खारं पाणी.

शेजारचे काका जन्मभर गवंडीकाम केलेले. मी तारेचा ब्रश हातात घेतला तेव्हा गडग्यापलीकडून ओरडले, “तो नको लावू बाय, पुढच्या पावसात तांबडे डाग पडतील.” तारेचे बारीक कण दगडात अडकतात आणि गंजतात. त्यांनी मला शेवटची पायरी दाखवली. ती कधीतरी कुणीतरी तारेने घासलेली होती. बाकीच्या पायऱ्यांच्या कडेला पाथरवटाच्या टाकीच्या तिरक्या रेघा अजून बोटांना लागतात, आणि त्या रेघांनीच पाय धरला जातो. शेवटच्या पायरीवर त्या पुसल्या गेल्या होत्या. घसरायला तीच पायरी जास्त वाईट.

शेवटी उपयोगी पडलं ते पाणी, अंधार आणि ऑक्टोबरचं ऊन.

सुकलेलं शैवाक फार चिवट असतं. कडक उन्हात ते झोपून राहतं आणि पाऊस आला की पुन्हा जागं होतं. पण ओलं असताना मात्र त्याला उष्णता सोसत नाही, आणि अंधारात त्यातल्या शैवालाला अन्न करता येत नाही. म्हणून संध्याकाळी पायऱ्या भरपूर भिजवल्या, ओली गोणपाटं घडी करून चट्ट्यांवर अंथरली, वर काळं प्लास्टिक टाकलं आणि कडेला दगड ठेवले. वृंदावनाचा फक्त पायथा झाकला, तुळस मोकळी. रोज सकाळी प्लास्टिक उचलून गोणपाट पुन्हा भिजवायचं. दुपारी त्याखाली हात घातला तर वाफ लागायची. हे भिजवणं चुकवू नका; गोणपाट सुकलं की शैवाक वाचतं. सगळ्या पायऱ्या एकदम झाकल्या नाहीत, जायला-यायला एक बाजू उघडी ठेवली, आणि आईला त्या दिवसांत मागच्या दारानेच जायला लावलं.

पाचव्या दिवशी एक गोणपाट काढून चट्ट्यावर पाणी ओतलं. हिरवं झालं नाही. पिवळट-तपकिरीच राहिलं. तेव्हा कळलं, मेलं. जाड चट्ट्यांना दहा दिवस लागले.

घासण्यासाठी आदल्या रात्री दहा-बारा रिठे भिजत घातले, सकाळी उकळून गाळले. रिठ्याचा फेस मवाळ, आंबटपणा अगदी किंचित, तरीही शहाबादीवर फक्त साधं पाणी वापरलं. एकदा पोळल्यावर धीर झाला नाही. नारळाच्या सोडणाचा तुकडा रिठ्याच्या पाण्यात बुडवून गोल गोल घासायचं, आणि कडा उचलायला बांबूची कामटी. मेलेलं शैवाक ओल्या कागदासारखं सोलून येतं. ज्या चट्ट्यापुढे माझं नख हरलं होतं, तो कामटीच्या एका टोकाने अख्खा उचलला गेला आणि खालून निळसर काळा दगड दिसला. रिठ्याचं पाणी डोळ्यांत गेलं तर भयंकर झोंबतं, तोंड बाजूला ठेवूनच घासा.

सगळं निघालं असं नाही. काही ठिकाणी फिकट कडी उरली. बुरशीचे तंतू दगडाच्या कणांत शिरलेले असतात, ते उपटायचे म्हणजे दगडही उपटायचा. काका म्हणाले, “ऱ्हाऊ दे, पावसाचं काम पावसाला करू दे.” तसंच केलं.

गडग्याला मी हात लावला नाही. त्यावर चालत कुणी नाही, आणि तिथलं शैवाक भिंतीला ओझं नाही. काही जाती वर्षाला मिलिमीटरभरही पसरत नाहीत. तळहाताएवढा चट्टा माझ्याहून वयाने थोर असू शकतो. दूषित हवेत, विशेषतः गंधकाच्या धुरात, बहुतेक शैवाकं तगत नाहीत. पुण्यात माझ्या घराच्या भिंतीवर असे पानांसारखे पसरलेले चट्टे मी पाहिलेले नाहीत. ते आमच्या गडग्यावर आहेत याचा मला आनंदच आहे.

पायऱ्यांवर सावली धरणारी आंब्याची एक फांदी छाटली, कुंड्या पायऱ्यांवरून हलवल्या आणि पागोळ्यांचं पाणी पन्हळीने बाजूला काढलं. एवढ्यानेच निम्मं काम झालं, असं आता वाटतं. तुळशीच्या लग्नाला आई एका हाताने कठडा धरून सातही पायऱ्या उतरली.

नंतरच्या आषाढात, इथे वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, वरच्या दोन पायऱ्यांवर हिरवा थर पुन्हा धरला. वहिनी दर शनिवारी तो खराट्याने काढते. गोल चट्टे अजून आलेले नाहीत. शहाबादीवरचा पांढुरका डाग मात्र तसाच आहे. आई आता रांगोळी त्याच्या हातभर अलीकडे काढते.