अंजनेरीच्या पडक्या देवळांत ड्रायव्हर काका बसमधून उतरले तो दिवस

अंजनेरी म्हटलं की लोक गड चढायला जातात. हनुमानाचं जन्मस्थान म्हणून जातात, पावसाळ्यात धबधबे बघायला जातात, आणि जाताना पायथ्याच्या गावाभोवतीची जुनी देवळं डाव्या-उजव्या हाताला सोडून सरळ वर निघून जातात. नाशिकहून त्र्यंबक रोडने वीसेक किलोमीटर, म्हणजे अगदी दारात म्हणावं इतकं जवळ, तरी माझ्या ग्रुपमधल्या निम्म्याहून जास्त नाशिककरांनी ही देवळं कधी पाहिलेली नसतात. मी एक दिवसाच्या वारसा सहली घेते, गाईड म्हणून पूर्णवेळ हेच काम करते, आणि सकाळी अंजनेरी, दुपारनंतर सिन्नरचं गोंदेश्वर हा माझा सगळ्यात आवडता रूट आहे.

क्रम मी मुद्दाम असा ठेवलाय. आधी पडकं, मग धड. लोक मला विचारतात की ताई चांगलं देऊळ आधी दाखवा ना, सकाळी फोटो छान येतात. पण धड देवळात माणूस नुसता वर बघतो, वा म्हणतो आणि फोटो काढतो. पडक्या देवळात दगड सुटे होऊन पायाशी आलेले असतात, एरवी चाळीस फुटांवर असलेली गोष्ट गुडघ्याच्या उंचीवर येते, भिंतीच्या पोटात काय भरलंय ते दिसतं. देऊळ कसं बांधलंय हे शिकायचं असेल तर ते पडक्यातच शिकावं असं माझं ठाम मत आहे आणि हे मी प्रत्येक ग्रुपला बसमध्येच सांगून टाकते.

तर त्या दिवशीचा ग्रुप मिश्र होता. दोन निवृत्त शिक्षिका, एका कंपनीतली पाच-सहा मुलंमुली, एक आजोबा त्यांच्या शाळकरी नातीला घेऊन आलेले, आणि अजून काही जण. पाऊस नुकताच संपलेला, गवत कमरेएवढं, त्यामुळे मी आधीच सगळ्यांना बूट घाला, गवतात पाय टाकताना बघून टाका, दगडावर बसायच्या आधी खाली बघा वगैरे सांगितलेलं. बस नेहमीच्या ट्रॅव्हल्सची, पण ड्रायव्हर नवीन होते, साठीच्या जवळपास, फारसं बोलणं नाही. ड्रायव्हर लोक शक्यतो गाडीतच थांबतात, झोप काढतात, त्यांना तेवढाच आराम असतो. हे काका पण गाडीतच थांबले.

अंजनेरीत हिंदू आणि जैन अशी दोन्ही देवळं आहेत. बरीचशी नुसते पाये आणि खांब एवढीच उरलीत, काही बऱ्यापैकी उभी आहेत. कोणतं कोणाचं हे कसं ओळखायचं तर गर्भगृहाच्या दारावर मधोमध, म्हणजे ललाटबिंबावर कोण बसलंय ते बघायचं, तीर्थंकर ध्यानात बसलेले दिसले की जैन देऊळ. नातीला मी हे एकदा दाखवलं आणि मग ती प्रत्येक दारापुढे पळत जाऊन वरती बघून ओरडून सांगायला लागली.

इथल्या एका जैन देवळात शके 1063 चा म्हणजे इसवी सन 1142 च्या सुमाराचा शिलालेख सापडलाय. यादव राजा सेऊणचंद्राच्या काळातला. चंद्रप्रभ तीर्थंकरांच्या देवळाला दुकानं दान दिल्याची नोंद आहे त्यात, राजाकडूनही आणि व्यापाऱ्यांकडूनही. मला हे फार महत्त्वाचं वाटतं. दुकानं दान द्यायची तर आधी दुकानं असायला हवीत, म्हणजे आज जिथे भातशेती आहे तिथे बाजारपेठ होती, माणसं होती, गल्ला होता. आणि त्याच्याही चारशे वर्षं आधीचे, आठव्या शतकाच्या सुरुवातीचे भोगशक्ती राजाचे ताम्रपट याच अंजनेरीत मिळालेत, त्यातल्या एकात ओसाड पडलेलं नगर पुन्हा वसवून व्यापाऱ्यांना जकात माफ केल्याचं लिहिलंय. उजाड झालेली पेठ पुन्हा भरायची तर व्यापाऱ्याला सूट द्यावी लागते हे तेराशे वर्षांपूर्वीही कळत होतं!

हे सांगून झालं की एकजण हमखास म्हणतोच, म्हणजे हेमाडपंती ना ताई? त्या दिवशी पण म्हणाला. मी प्रत्येक वेळी शांतपणे सांगते की हेमाद्रीपंडित हा देवगिरीच्या महादेव आणि रामचंद्र यादवांचा प्रधान, म्हणजे तेराव्या शतकाचा उत्तरार्ध. अंजनेरीचा लेख त्याच्या शंभरहून जास्त वर्षं आधीचा, अंबरनाथच्या देवळातला शके 982 चा म्हणजे 1060 चा, तो तर दोनशे वर्षं आधीचा. मग ही देवळं त्याने कशी बांधली असतील? चुना न वापरता दगडावर दगड बसवलेलं प्रत्येक देऊळ एका माणसाच्या नावावर जमा करून टाकायचं हे मला खरंच पटत नाही, ज्या शेकडो हातांनी ते घडवलं त्यांचं मग काहीच उरत नाही.

आणि नेमकं हे बोलत असताना मागून आवाज आला, "ताई, ह्या तुळईखाली उभं नका राहू कोणी."

बघते तर ड्रायव्हर काका. गाडी लावून कधी आत आले कळलंच नाही. आमच्या डोक्यावर दोन खांबांवर टेकलेली दगडी तुळई होती, तिला मधोमध एक तडा, मला तो माहीत होता आणि मी ग्रुपला दोन हात लांबच उभं केलेलं, पण दोघं फोटोसाठी सरकत सरकत खाली गेले होते. ते बाजूला झाले. मी काकांना विचारलं, तुम्हाला काय दिसलं? तर म्हणाले, "तडा खालून वर गेलाय ना बघा. दगडाला वरून कितीबी दाबा, तो ऐकतो. ताणलेलं त्याला चालत नाय. मधी वाकायला लागला की पोटाकडून फाटतो."

मी इतकी वर्षं लोकांना सांगत आलेय की या देवळांत खांब जवळजवळ का असतात, मोठा मोकळा हॉल का नसतो. दगड दाब सोसतो पण ताण सोसत नाही म्हणून तुळई लांब ठेवता येत नाही, हे सगळं पुस्तकातून वाचलेलं. काकांनी ते एका फटीकडे बोट दाखवून सांगितलं आणि कंपनीतली जी मुलं मघापासून मोबाईलमध्ये होती ती पुढे आली.

मग कळलं की काकांचे वडील पाथरवट. जाती, पाटे, वरवंटे, उखळ घडवायचे, कधी कधी देवळाच्या पायऱ्यांचं, जोत्याचं काम. लहानपणी काका वडिलांच्या हाताखाली टाकीला, म्हणजे दगड घडवायच्या छिन्नीला, धार लावायला असायचे. मिक्सर आले, पाट्यांचा धंदा बसला, काका ड्रायव्हिंगला लागले. मी म्हटलं काका, आता तुम्ही पुढे चला, मी मागून येते.

पुढचा तास-दीड तास मी गाईड नव्हतेच म्हणा ना. मंडपाच्या मागच्या बाजूला गवतात एक मोठा चिरा, म्हणजे घडवलेला दगड, उलटा पडलेला आहे. त्याची पुढची बाजू कोरीव, सफाईदार, कडा अजून धारदार, आणि मागची बाजू ओबडधोबड, कारण ती भिंतीच्या आत जाणार होती, ती कोणी बघणारच नव्हतं. मी ग्रुपला नेहमी ही मागची बाजू दाखवते. काका खाली बसले, गवत हाताने बाजूला केलं आणि दगडाच्या कडेला ओळीने असलेल्या चार खाचा दाखवल्या. बोटाची दोन पेरं आत जातील एवढ्या. मी त्या पाहिल्या होत्या पण फुटल्याच्या खुणा समजून कधी त्यांच्यापाशी थांबले नव्हते. काका म्हणाले ह्या पाचरीच्या खाचा, खाणीत दगड काढताना अशी ओळ मारायची, प्रत्येक खाचेत पाचर बसवायची आणि मग एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे सगळ्या पाचरींवर थोडं थोडं ठोकत जायचं, एकीवरच जोर दिला तर दगड वाकडा फुटतो. आणि त्यांनी पहिल्या खाचेत बोट घातलं, मग दुसऱ्या, मग तिसऱ्या, आणि म्हणाले अंतर एकसारखं आहे बघा, आमचे वडील वितीने मोजायचे.

नातीने विचारलं, दगड चांगला आहे हे कसं कळायचं? तर काका तिला कुंपणाबाहेर बांधावर घेऊन गेले, देवळाच्या दगडाला हात न लावता (हे मला सांगावंही लागलं नाही), तिथले दोन साधे दगड उचलले आणि हातोडीसारख्या तिसऱ्या दगडाने वाजवून दाखवले. एक खणकन वाजला, दुसरा बद्द. बद्द वाजला म्हणजे आत कुठेतरी चीर आहे, तो तुळईला घ्यायचा नाही, पायात टाकायचा. आपल्याकडचा हा काळा दगड म्हणजे बेसाल्ट, साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा, घडवायला महाकठीण पण बारीक कणांचा, म्हणून त्याच्यावर इतकं नाजूक काम टिकतं, एवढी भर मी घातली.

या सगळ्यात एक प्रसंग झाला तो सांगायलाच हवा. ग्रुपमधल्या एका गृहस्थांनी एक छोटा कोरीव तुकडा उचलून बॅगेत ठेवला. तळहाताहून जरा मोठा, त्याला आवळ्यासारख्या उभ्या फोडी. वाईट हेतू नव्हता. ते म्हणाले इथे पायदळी पडलंय, घरी देव्हाऱ्याजवळ ठेवतो, मान तरी राहील. मला हे नेहमी ऐकायला लागतं आणि दर वेळी जीव तुटतो. मी त्यांना सांगितलं की हे संरक्षित स्मारक आहे, 1958 चा कायदा आहे आणि इथून काही हलवणं गुन्हा आहे, पण कायदा बाजूला ठेवा, तो तुकडा जिथे पडलाय ती जागाच त्याची माहिती आहे. शिखर कोणत्या बाजूला कोसळलं, कोणता थर कुठे होता, हे पडलेल्या दगडांच्या जागांवरून जुळवत नेतात, उद्या कोणी दगडांना नंबर टाकून देऊळ परत उभं करायचं ठरवलं तर हा तुकडा तुमच्या देव्हाऱ्यात असेल आणि इथे एक भोक असेल.

ते थोडे नाराज झाले. तेव्हा काका म्हणाले, "साहेब, उचलला तेव्हा त्याची कोरीव बाजू वर होती का खाली?" त्यांना नीट आठवत होतं, खाली होती, मातीत ठसा पण उमटलेला. दोघं परत गेले, तो ठसा शोधला आणि तुकडा तसाच पालथा त्याच्यात बसवून आले. मी फोटो काढून जागेची नोंद केली आणि तिथल्या देखरेखीच्या माणसाला दाखवून ठेवली.

निघताना एका शिक्षिकाबाई भिंतीतून उगवलेलं पिंपळाचं रोप उपटायला गेल्या, चांगल्या भावनेनेच. त्यांनाही थांबवलं. कोवळं असलं तरी मूळ सांध्यात किती आत गेलंय ते बाहेरून कळत नाही, ओढलं की सांधा हलतो, आणि वरचं तुटून मूळ आत राहिलं तर दुप्पट जोमाने फुटतं. हे काम पुरातत्त्व खात्याच्या माणसांनी मुळावर औषध करून, वेळ देऊन करायचं असतं. आपण कळवायचं, एवढंच. तसंच झिजलेली अक्षरं वाचायला खडू किंवा पीठ चोळू नका, मोबाईलचा टॉर्च दगडाला जवळजवळ टेकवून आडवा धरा, सावलीने अक्षर आपोआप उठून दिसतं.

जेवण करून सिन्नरला पोचेपर्यंत उन्हं कलली होती. गोंदेश्वर मोठं आहे, उंच जोत्यावर पंचायतन, मधे महादेव आणि चार कोपऱ्यांत विष्णू, सूर्य, गणपती, पार्वती यांची छोटी देवळं, समोर नंदीचा मंडप. शिखर भूमिज पद्धतीचं, म्हणजे चार दिशांना खालपासून वरपर्यंत चार पट्टे चढत जातात आणि मधल्या जागेत छोट्या छोट्या शिखरांच्या ओळी एकावर एक रचलेल्या. नेहमी इथे मी अर्धा तास बोलते. त्या दिवशी मी गप्प राहिले कारण ग्रुपच बोलत होता. मुलं खांबांमधली अंतरं पावलांनी मोजत होती आणि तुळयांच्या पोटाकडे बघत होती, कुठे तडा आहे का. नात प्रत्येक दारावर कोण बसलंय ते बघून येत होती. आणि तुकडा उचलणारे गृहस्थ शिखराकडे मान वर करून उभे होते, पाच मिनिटांनी मला हाक मारून म्हणाले, ताई तो आवळ्याच्या फोडीवाला, तो वर टोकाला आहे तोच ना? तोच. आमलक म्हणतात त्याला, कळसाच्या खाली असतो, आणि अनेक शिखरांवर त्याच्या लहान आवृत्त्याही कोपऱ्याकोपऱ्यात बसवलेल्या असतात. त्यांनी जो उचलला तो तसल्याच एखाद्या छोट्याचा तुकडा असावा. त्यांनी मग सगळ्या ग्रुपला बोलावून ते दाखवलं, मला एक शब्द बोलावा लागला नाही.

काका मात्र शिखर बघत नव्हते. ते जोत्याच्या कोपऱ्यावर दोन चिऱ्यांच्या सांध्यावरून नख फिरवत होते. नख अडकत नव्हतं. मला म्हणाले, हे चिरे आधी घासून घासून एकमेकांना बसवलेत, मग वर चढवलेत, आणि असा एक सांधा जमायला आमच्या वडलांचा पूर्ण दिवस गेला असता.

परतीच्या वाटेत मी त्यांना विचारलं, पुढच्या वेळी तुम्हीच येणार का, पण नुसती गाडी चालवायला नाही, बोलायला पण, आणि त्याचे वेगळे पैसे घ्यायचे, फुकट नाही. आधी नको नको म्हणाले, माझं शिक्षण नाही, लोकांपुढे काय बोलू वगैरे. मागून त्या दोन्ही शिक्षिकांनीच त्यांना गप्प केलं. मग म्हणाले बरं, पण मला वडलांची टाकी आणि सुतकी (दगडकामाचा हातोडा) घरी शोधावी लागेल, ती दाखवल्याशिवाय लोकांना कळणार नाही. पुढची सहल मालेगावच्या पुढे झोडग्याची ठरवलीय, तिथलं माणकेश्वरही भूमिजच आहे आणि आग्रा हायवेला लागून आहे. जाताना अंजनेरीला वळसा पडतो, पण आधी तिथेच जायचं असं काकांचं म्हणणं आहे.